न दिसणाऱ्या मालिनीचे चित्र

गिरीश कार्नाड (१९३८–२०१९) यांचे नाव मराठी वाचकांस परके नाही. 'तुघलक' (१९६४) आणि 'हयवदन' (१९७१) ही त्यांची नाटके मूळ कन्नड. परंतु मराठी रंगभूमीवर ती इतकी रुळली की, ती भाषांतरित आहेत याचा अनेकांस विसर पडतो. हा नाटककार दीर्घकाळ इतिहास, पुराणे आणि लोककथा यांच्या आश्रयाने लिहीत राहिला. वयाची पासष्टी ओलांडल्यावर मात्र त्याने आपली दृष्टी निश्चयाने भोवतालच्या शहराकडे, म्हणजे बंगळूरकडे वळविली. पुढे 'बेंद काळु ऑन टोस्ट' या नाटकात त्याने या शहराचे विस्तृत चित्र रेखाटले आणि पुण्याच्या 'आसक्त' या संस्थेने ते 'उणे पुरे शहर एक' या नावाने मराठीत सादर केले. या नागर नाटकांच्या मालिकेच्या आरंभी 'ओडकलु बिंब' ही छोटी नाट्यकृती आहे. शीर्षकाचा अर्थ 'फुटलेले प्रतिबिंब'. इंग्रजी रूपाचे पहिले शीर्षक, 'अ हीप ऑफ ब्रोकन इमेजेस', हे टी. एस. एलियटच्या 'द वेस्ट लँड' (१९२२) या काव्यातील शब्दांवरून घेतलेले होते. पुढे ते 'ब्रोकन इमेजेस' एवढेच उरले.

मार्च २००५ मध्ये बंगळूरच्या रंगशंकर या नाट्यगृहात या नाटकाचे कन्नड व इंग्रजी असे दोन्ही प्रयोग प्रथम झाले. दिग्दर्शन स्वतः कार्नाड आणि के. एम. चैतन्य यांचे होते. कन्नड प्रयोगात अरुंधती नाग यांनी व इंग्रजी प्रयोगात अरुंधती राजा यांनी काम केले. 'बिखरे बिंब' या हिंदी रूपातही अरुंधती नाग यांनी ही भूमिका केली आणि पुढे अॅलेक पदमसी यांच्या दिग्दर्शनाखाली शबाना आझमी यांनी ती इंग्रजीत केली. रंगशंकर हे नाट्यगृह २००४ मध्ये सुरू झाले. १९९० मध्ये अपघाती मृत्यू पावलेले नट व दिग्दर्शक शंकर नाग यांच्या स्मरणार्थ अरुंधती नाग यांनी ते उभारले. हे दांपत्य मुंबईच्या मराठी रंगभूमीवर वावरलेले होते आणि आर. के. नारायण यांच्या कथांवरील 'मालगुडी डेज' ही दूरचित्रवाणी मालिका शंकर नाग यांनीच दिग्दर्शित केली होती. ज्या नाटकात दूरचित्रवाणीचा पडदा हेच एक पात्र आहे, त्याचा पहिला प्रयोग या वास्तूत व्हावा, हा योगायोग मोठा समर्पक म्हटला पाहिजे.

नाटकातील प्रसंग एकच आहे. मंजुळा नायक ही बंगळूरमध्ये इंग्रजीची प्राध्यापिका असून कन्नड कथालेखिका म्हणून तिला काही नाव मिळालेले आहे. तिने अकस्मात 'द रिव्हर हॅज नो मेमरीज' ही इंग्रजी कादंबरी प्रसिद्ध केली. परदेशी प्रकाशकाने भरघोस मानधन दिले आणि ती लेखिका जगभर गाजली. त्या कादंबरीवर आधारलेला चित्रपट दूरचित्रवाणीवरून दाखविला जाणार आहे. त्यापूर्वी लेखिकेने प्रेक्षकांशी चार शब्द बोलावेत, यासाठी तिला कलागृहात पाचारण केलेले आहे. आपणास नेहमी विचारल्या जाणाऱ्या दोन प्रश्नांना ती उत्तर देते. पहिला प्रश्न असा, की आजवर कन्नडमध्ये लिहून ही कादंबरी तिने इंग्रजीत का लिहिली? दुसरा असा, की तिच्यासारख्या धडधाकट स्त्रीने अंथरुणाला खिळलेल्या नायिकेचे अंतरंग इतके अचूक कसे जाणले? दुसऱ्या प्रश्नाच्या उत्तरात ती आपल्या धाकट्या बहिणीचा, मालिनीचा, उल्लेख करते. मालिनी कमरेखाली पंगू होती. तिचे आयुष्य चाकांच्या खुर्चीत गेले आणि कादंबरी प्रसिद्ध होण्यापूर्वी काही महिने तिचा मृत्यू झाला. लेखिकेचा कंठ दाटून येतो, भाषण संपते आणि ती निघण्यासाठी उठते. परंतु पडद्यावरील तिची प्रतिमा मावळत नाही. प्रतिमा तशीच बसून राहते आणि तिला हाक मारून प्रश्न विचारू लागते.

येथून पुढे मंजुळा आणि तिची प्रतिमा यांचा संवाद म्हणजेच नाटक. वादाचा विषय मात्र या दोघींपैकी कोणीही नसून मालिनी हा आहे. ती मृत असल्यामुळे रंगमंचावर येणे शक्य नाही. तिचे छायाचित्र दिसत नाही, तिचा आवाज ऐकू येत नाही, तिने लिहिलेला एखादा कागदही कोणी वाचून दाखवीत नाही. प्रेक्षकाला तिच्याविषयी जे जे कळते, ते मंजुळेच्या तोंडून. नाटक संपेपर्यंत मात्र मंजुळेपेक्षा मालिनीच अधिक स्पष्ट दिसू लागते. हे कसे घडते, हे पाहण्याजोगे आहे.

अनुपस्थित व्यक्तीचे चित्र इतरांच्या सांगण्यावरून उभे करण्याची रीत जुनीच आहे. दाफ्ने द्यू मोरिए यांच्या 'रेबेका' (१९३८) या कादंबरीत नायकाची मृत पत्नी एकदाही दिसत नाही, तरी घरातील प्रत्येक खोली तिने व्यापलेली असते. ऑर्सन वेल्स यांच्या 'सिटिझन केन' (१९४१) या चित्रपटात एक वार्ताहर मृत धनिकाच्या परिचितांना भेटत जातो आणि प्रत्येक जण निराळाच केन सांगतो. अशा कृतींत साक्षीदार अनेक असतात. एकाचे म्हणणे दुसऱ्याच्या म्हणण्याशी ताडून पाहता येते आणि त्यांतील विसंगतींतून वाचक आपला निष्कर्ष काढतो. कार्नाडांनी स्वतःवर याहून कठोर बंधन घालून घेतले आहे. त्यांच्याकडे साक्षीदार एकच आहे आणि तोही निःपक्षपाती नाही. म्हणून त्यांनी त्या एका साक्षीदाराचे दोन तुकडे केले. जी भाषण करते ती मंजुळा आणि जी प्रश्न विचारते तीही मंजुळाच. उलटतपासणी घेणारा वकील साक्षीदाराच्याच देहातून बाहेर काढलेला आहे.

मराठी वाचकाला येथे विजय तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे' (१९६७) या नाटकाची आठवण झाल्याखेरीज राहणार नाही. तेथेही एका स्त्रीचे चित्र इतरांच्या साक्षींतून रंगविले जाते. लीला बेणारे हिच्याविषयी सामंत, कर्णिक, रोकडे, पोंक्षे असे एकेक जण पिंजऱ्यात येऊन बोलतात. खेळ म्हणून सुरू झालेला अभियोग पाहता पाहता खरा होतो. परंतु बेणारे समोर उभी असते. तिचा चेहरा प्रेक्षकाला दिसतो आणि शेवटी तिला स्वतःचे म्हणणे मांडायला दीर्घ स्वगत मिळते. रंगमंचावरील इतर पात्रे त्या वेळी गोठल्यासारखी असल्याने त्यांना ते ऐकू जात नाही, ही गोष्ट वेगळी. मालिनीला तेवढेही मिळत नाही. तेंडुलकरांच्या नाटकात न येणारे पात्र प्रोफेसर दामले हे आहे. तो गैरहजर राहिल्यामुळे सुटतो. मालिनी गैरहजर आहे आणि म्हणूनच लुटली जाते. एकाच युक्तीचे दोन नाटककारांनी केलेले हे दोन उपयोग शेजारी ठेवून पाहावेत, म्हणजे अनुपस्थिती ही कोणाला ढाल होते आणि कोणाला नाही, हे ध्यानात येते.

मंजुळेची साक्ष जसजशी पुढे सरकते, तसतशी तिची भाषा बदलत जाते. सार्वजनिक भाषणातील मालिनी ही मृत्युलेखात शोभावी अशी आहे. सोशिक, बुद्धिमान, प्रेमळ, सर्वांना आनंद देणारी. अशा विशेषणांतून माणूस दिसत नसतो. प्रतिमेने प्रश्न विचारण्यास सुरुवात केल्यावर विशेषणे मागे पडतात आणि घटना येऊ लागतात. आई-वडिलांचे सारे लक्ष पंगू मुलीवर केंद्रित झालेले होते. ती त्यांच्याजवळ बंगळूरला राहिली आणि थोरलीचे बालपण धारवाडला आजी-आजोबांकडे गेले. संपत्तीचा मोठा वाटाही वडिलांनी मालिनीच्याच नावे ठेवला. आई-वडिलांच्या पश्चात तिची देखभाल मंजुळेवर आली. मंजुळेचा पती प्रमोद आणि मालिनी यांची मने जुळली. दोघांच्या गप्पा रंगत आणि त्यांत तिसरीला जागा नसे. हे सर्व मंजुळा तक्रारीच्या सुरात सांगते, परंतु त्या तक्रारींतूनच मालिनीची आकृती उमटते. सोशिक रुग्णाईत मुलीच्या जागी तीव्र बुद्धीची, वाचनाने समृद्ध, विनोदाची जाण असलेली, इतरांना आपल्याकडे खेचून घेणारी आणि प्रसंगी निष्ठुरही असलेली स्त्री दिसू लागते.

न्यायशास्त्रात साक्षीदाराने स्वतःच्या हिताविरुद्ध केलेल्या विधानास विशेष वजन दिले जाते, कारण स्वतःला अडचणीत आणणारी गोष्ट माणूस सहसा रचून सांगत नाही. या नाटकाचा प्रेक्षक नकळत हाच नियम लावू लागतो. मंजुळा मालिनीची स्तुती करते तेव्हा तो सावध असतो. तिचा मत्सर शब्दांतून सांडतो, तेव्हा मात्र त्याचा विश्वास बसतो. मत्सर करण्याजोगे काही त्या बहिणीपाशी असलेच पाहिजे, हे अनुमान अटळ ठरते. द्वेष करणारी व्यक्ती ही पुष्कळदा प्रेम करणाऱ्या व्यक्तीहून अधिक बारकाईने पाहत असते, हे सासुरवासाच्या ओव्या ज्यांनी ऐकल्या आहेत त्यांना सांगावयास नको.

यानंतर नाटकातील मुख्य रहस्य उलगडते. ती कादंबरी मंजुळेने लिहिलेलीच नाही. ती मालिनीची आहे. मालिनीच्या मृत्यूनंतर तिचे हस्तलिखित मंजुळेच्या हाती लागले आणि ते तिने आपल्या नावाने प्रसिद्ध होऊ दिले. प्रमोदला सत्य उमगले आणि तो तिला सोडून अमेरिकेस गेला. चोरी उघड होणे हा एखाद्या सामान्य रहस्यनाट्याचा शेवट ठरला असता. येथे त्या चोरीला आणखी एक पीळ आहे. कादंबरीतील नायिकेला एक चुलत बहीण आहे. ती दुष्ट, मत्सरी, पंगू नायिकेच्या जिवावर उठलेली अशी रंगविलेली आहे. हे व्यक्तिचित्र मंजुळेवरून घेतलेले आहे. मालिनीने आपल्या बहिणीविषयी जे मत आयुष्यभर मनात ठेवले होते, ते त्या पानांत नोंदविलेले होते. मंजुळेने ती पाने वाचली, त्यांत स्वतःला ओळखले आणि तरीही मुखपृष्ठावर आपले नाव छापून घेतले.

या कृत्याचा अर्थ शांतपणे विचारात घेतला पाहिजे. सारे जग ज्या दुष्ट स्त्रीविषयी वाचणार होते ती आपणच आहोत, हे ठाऊक असताना, त्या चित्राची कर्ती म्हणून मिरविण्याचे तिने पत्करले. आपली अपकीर्ती हीच तिने कीर्ती म्हणून विकत घेतली. दोन्ही बहिणींचे हिशेब येथे एकमेकींत गुंततात. मालिनी आपल्याला मंजुळेच्या शब्दांतून दिसते. मंजुळेचे खरे चित्र मालिनीच्या कादंबरीत आहे आणि ती कादंबरी आपणास वाचावयास मिळत नाही. प्रत्येकीचे अस्तित्व दुसरीच्या हाती आहे. शिवाय मंजुळेची कोंडी अशी, की कादंबरीविषयी बोलावयाचे तर मालिनीचे नाव घ्यावेच लागते. अंथरुणाला खिळलेल्या नायिकेचे मन तुला कसे कळले, या प्रश्नाचे दुसरे उत्तरच नाही. चोरलेल्या वस्तूवर मालकाचे नाव कोरलेले असावे आणि चोराला ती वस्तू रोज चारचौघांत वापरावी लागावी, तशी ही अवस्था आहे.

येथे दूरचित्रवाणीच्या योजनेचे मर्म कळते. कार्नाडांना केवळ मनाचा आवाज ऐकवावयाचा असता, तर स्वगताची जुनी सोय उपलब्ध होतीच. सॅम्युएल बेकेट यांनी 'क्रॅप्स लास्ट टेप' (१९५८) या नाटकात एका वृद्धाला ध्वनिमुद्रित फितीवरील आपल्याच तरुण आवाजापुढे बसविले होते. परंतु क्रॅपची फीत केवळ भूतकाळ उच्चारते. तिला उत्तर देता येत नाही आणि वृद्ध हवे तेव्हा यंत्र थांबवू शकतो. मंजुळेची प्रतिमा थांबविता येत नाही. शिवाय ती काही क्षणांपूर्वीचीच आहे. तोच चेहरा, तेच वस्त्र, तेच हास्य. सार्वजनिक प्रसंगासाठी मंजुळेने जे रूप धारण केले होते, तेच रूप तिच्यावर उलटले आहे. जे रूप लोकांना खोटे सांगण्यासाठी सिद्ध केले, त्यानेच खरे विचारावे, ही कल्पना स्वगतातून साधली नसती.

प्रयोगाच्या दृष्टीने ही योजना नटीची कठोर परीक्षा पाहते. प्रतिमेचा भाग आधीच मुद्रित केलेला असतो. त्यात उत्तरांसाठी ठराविक अवधी मोकळा सोडलेला असतो आणि रंगमंचावरील नटीला आपले बोलणे, उठणे, चालणे त्या अवधीत नेमके बसवावे लागते. एरव्ही प्रेक्षागृहात हशा पिकला म्हणजे नट क्षणभर थांबतो, टाळी पडली तर वाक्य लांबवितो, सहनट चुकला तर सावरून घेतो. येथे सहनट स्वतः नटीच आहे, पण ती मुद्रित आहे. ती कोणासाठी थांबत नाही, चुकत नाही आणि सावरतही नाही. परिणामी जिवंत देहधारी स्त्री ही परतंत्र आणि काचेआडची छाया ही स्वतंत्र, असा उलटा संबंध दिसतो. नाटकाचा आशय प्रयोगाच्या तंत्रातच मुरलेला आहे. आणखी एक गोष्ट अशी की, पडद्यावर चेहरा जवळून दिसतो. मागच्या रांगेतील प्रेक्षकालाही प्रतिमेच्या डोळ्यांतील हालचाल कळते, तर खुद्द नटी त्याला दूर व लहान दिसते. ज्या काळात पडद्यावरील माणूस प्रत्यक्षातील माणसापेक्षा अधिक खरा वाटू लागला, त्या काळाची ही अचूक खूण आहे.

भाषेचा प्रश्नही या चोरीशी निगडित आहे. भाषणाच्या आरंभी मंजुळा इंग्रजीत लिहिण्याचे जे समर्थन करते, ते पुष्कळ सफाईदार आहे. कादंबरी तिची नाही हे कळल्यावर ते सर्व समर्थन निराधार ठरते. जी इंग्रजीत लिहीत होती ती दुसरीच. तरीही त्या समर्थनात मांडलेला वाद खोटा नाही. देशी भाषेत लिहिणाऱ्याने इंग्रजीकडे जाणे हा द्रोह होय काय, याविषयी कर्नाटकात बरीच खडाजंगी झालेली आहे आणि मराठीतही ती अपरिचित नाही. 'सात सक्कं त्रेचाळीस' (१९७४) ही मराठी कादंबरी लिहिणारे किरण नगरकर पुढे 'रावण अँड एडी' (१९९५) पासून इंग्रजीकडे वळले, तेव्हा त्यांनाही या रोषाचा अनुभव आला. स्वतः कार्नाड आपल्या नाटकांची इंग्रजी रूपे सिद्ध करीत असत. म्हणजे हा प्रश्न त्यांनाही लागू होता. नाटकात त्यांनी कोणत्याही पक्षाचा कैवार घेतलेला नाही. मंजुळेच्या तोंडी त्यांनी उत्तम युक्तिवाद घातला आणि मग तो करणाऱ्या व्यक्तीचा अधिकारच काढून घेतला. या खोडकरपणाबद्दल त्यांचे कौतुक करावेसे वाटते.

एका बाबतीत मात्र या नाटकाविषयी आक्षेप घेण्यास जागा आहे. मंजुळेने मालिनीचे पुस्तक घेतले, हा नाटकातील अपराध. पण नाटककाराने तरी मालिनीला काय दिले? पंगू स्त्रीला रंगमंचावर स्थान नाही; तिचे दुःख व तिची प्रज्ञा ही दोन्ही, चालत्याफिरत्या बहिणीच्या नैतिक पतनाची सामग्री म्हणून उपयोगात आणलेली आहेत. नायिकेच्या अंतरंगाविषयी सारे जग भारावून बोलते, असे आपणास सांगितले जाते. ते अंतरंग दाखविणारे एक वाक्यही ऐकविले जात नाही. तो चित्रपटही प्रेक्षकाला पाहावयास मिळत नाही. या आक्षेपाला असे उत्तर देता येईल की, मालिनीच्या तोंडी शब्द घालणे म्हणजे मंजुळेचाच गुन्हा पुन्हा करणे झाले असते. दुसऱ्याच्या वतीने बोलणे थांबविणे हाच येथे सन्मान. हे उत्तर वजनदार आहे, तथापि पूर्ण समाधान करणारे नाही. कारण नाटकातील मौन हे ज्याच्या वाट्याला येते त्याला ते सन्मान म्हणून जाणवेलच, अशी शाश्वती देता येत नाही.

कार्नाडांना ही अडचण जाणवली असावी, असे शेवटावरून वाटते. सर्व कबुली देऊन झाल्यावर मंजुळा थकते. तेव्हा प्रतिमा आपला पवित्रा बदलते आणि स्वतःला मालिनी म्हणवून घेते. कादंबरी लिहिणारी ती मालिनी. कन्नड कथा लिहिणारी मंजुळा ते हस्तलिखित वाचताच संपली. आता जी उरली आहे, जिला जग ओळखते, ती मालिनीच, असा तिचा दावा आहे. कलागृहातील सर्व पडदे उजळतात, प्रतिमा बहुगुणित होतात आणि आवाजांचा कल्लोळ माजतो. हा मालिनीचा विजय मानावा की मंजुळेने केलेली अखेरची व सर्वांत मोठी चोरी, हे नाटक सांगत नाही. बहिणीचे पुस्तक घेऊन न भागल्याने तिने आता बहिणीचे नावही घेतले, असा अर्थ करता येतो. आणि लुटलेल्या स्त्रीने लुटणारीच्या देहात शिरून आपला हक्क वसूल केला, असाही करता येतो. नटीने शेवटची वाक्ये कोणत्या स्वरात उच्चारली, यावर त्या त्या प्रयोगातील निवाडा अवलंबून राहतो. पण ती वाक्ये प्रतिमेच्या तोंडी आहेत, म्हणजे ती आधीच मुद्रित झालेली आहेत. रंगमंचावरील मंजुळेला ती ऐकून घेण्याखेरीज काही करता येत नाही.